गोमाला आवतण

कोंडूची धाकटी मनस्वी उंबरमाळीला दिली, त्या वर्षीची ही गोष्ट. थोरल्या पोराचं लग्न करोनात उरकलेलं. तोंडाला फडकी बांधलेली मोजकी माणसं, ना मांडव, ना धवले. तेव्हा मनस्वीचं लग्न म्हणजे कोंडूच्या दारात पडणारा पहिला खरा मांडव. साल दोन हजार चोवीस, महिना वैशाख.

लग्न जमलं त्या दिवसापासून कोंडूचा पाय एका जागी ठरेना. सकाळी धसईला जायचा, बाजारात नुसता हिंडून रिकाम्या हाताने परत यायचा. मांडवाच्या मेढी सरळ पुरल्या होत्या, त्या उपटून पुन्हा पुरायचा. बायको रत्नप्रभा शेजारणींना म्हणाली, नांदायला पोरगी चाललीय की हा, तेच कळत नाय. कोंडूने ऐकलं आणि पुन्हा चपला घातल्या.

पळसवाडीत मांडव पडला की सकुबाई येते. ती धवलारीण, म्हणजे लग्नाचे धवले म्हणणारी. भटजी यायच्या आधी तिचं काम. मांडवाच्या मेढीला उंबराची डहाळी बांधली की ती तिथे बसते आणि आवतण गाते. आधी गावदेवीला, मग वाघोबाला, सिद्धगडच्या रानातल्या देवांना, मग त्या घरच्या गेलेल्या माणसांना. नाव घ्यायचं आणि या म्हणायचं, मांडव पडलाय, हळद वाटलीय. मागच्या बायका तेच झेलून पुन्हा म्हणतात. ज्याचं नाव घेतलं तो येऊन मांडवात बसतो, असं गाव मानतं. ज्याचं घेतलं नाही तो बाहेर उभा राहतो.

ही रीत सगळीकडे असेल. पळसवाडीत तिच्यात भर पडली ती होडीमुळे. धरणाचं पाणी चढलं आणि धसईची जुनी वाट पाण्याखाली गेली. रस्ता व्हायला पुढे बरीच वर्षं लागली. तेव्हा गाव पार व्हायचं ते कोंडूच्या बापाच्या, गोमाच्या, होडीतून. शहाऐंशी सालच्या श्रावणात बाजाराच्या दिवशी ती होडी खोल पाण्यात कलंडली. दहा माणसं गेली, अकरावा गोमा. सकुबाईची नऊ वर्षांची भिमी त्यातच होती. पुढच्या वैशाखात गावात पहिलं लग्न लागलं तेव्हा सकुबाईने घरच्या मेलेल्यांनंतर थांबून होडीतल्या माणसांना आवतण दिलं. कुणी सांगितलं नव्हतं. तेव्हापासून कुणाच्याही घरचं लग्न असो, ती दहा नावं येतातच. चंद्राबाई बौद्धवाडीची. त्यांच्याकडे लग्न बुद्धवंदनेने लागतं, धवले नसतात. पण तिचा मुलगा मुकेश गावातल्या कुठल्याही लग्नाला आला की आईचं नाव येईपर्यंत पानावर बसत नाही.

दहा नावं. अकरावं नाही.

कोंडूचं स्वतःचं लग्न झालं तेव्हाही नाही. घरच्या मेलेल्यांतही नाही आणि होडीतल्यांतही नाही. त्याची आई मांडवाच्या कडेला पदर डोक्यावर घेऊन बसली होती, दहावं नाव झालं तशी उठून चुलीकडे गेली. कोंडू तेव्हा काही बोलला नाही. बोलायचं वय नव्हतं असं तो म्हणतो.

मग पंचायतीने धरणाच्या काठावर दगड बसवला. त्यावर अकराही नावं, गोमाचं सगळ्यात खाली. तालुक्याचे लोक वर्षातून एकदा हार घालतात, बाकीचे दिवस म्हशी त्या दगडाला अंग घासतात. कोंडूला त्या दगडाचं काही वाटलं नाही. सरकार मेलेल्या सगळ्यांना मोजतं, त्यात मान कसला.

खरा चटका बसला तो आदेशच्या फिल्मचा. आदेश गावातलाच, कल्याणला कॉलेजात. त्याने स्पर्धेसाठी होडीची फिल्म केली. वरून उडत्या कॅमेऱ्याने काढलेलं पाणी, रडकं संगीत, आणि नावाड्याच्या हातात बाटली. गोमाने उभ्या जन्मात ताडीसुद्धा चाखली नव्हती. कोंडूने त्याला रस्त्यात गाठून विचारलं. आदेश चांगला पोरगा, उलटून बोलला नाही. म्हणाला, "काका, बाटली नसली तर होडी का बुडाली ते बघणाराला कळत नाय."

फिल्मला दुसरं बक्षीस मिळालं आणि ती मोबाइलमधून फिरत फिरत उंबरमाळीला पोचली. साखरपुड्यात नवऱ्या मुलाच्या, साईनाथच्या, मामाने पान लावता लावता विचारलं, तो होडीवाला म्हणजे तुमचाच बाप ना. वाईट मनाने नव्हे, ओळख काढावी तसं विचारलं. कोंडूने हो म्हटलं. त्या दिवसापासून तो फिरतोय.

त्याला एवढंच हवं होतं, की आपल्या मांडवात बापाचं नाव घेतलं जावं.

पहिल्यांदा तो सकुबाईकडे गेला. म्हातारी ओटीवर वाल निवडत होती. कोंडूने आडवळणाने सुरुवात केली, तिने मधेच तोडलं. कशाला आलास ते माहीत हाय, म्हणाली.

"काकी, मग घे ना नाव. माझ्याच दारात घे, दुसरीकडं नको."

"भिमीला बोलावते मी, कोंडू. ती येते, माझ्या मांडीला मांडी लावून बसते. जो तिला घेऊन गेला त्याला तिच्या बाजूला बसवू?"

"त्यानं मुद्दाम केलं काय?"

"मी कुठं म्हणते मुद्दाम." तिने वाल सुपात लोटले. "पण नाव यायला आवाज लागतो. तिथं आलं की माझा आवाजच निघत नाय. दोनदा नाव घेऊन बघितलंय मी."

कोंडूला हे ठाऊक नव्हतं. दोनदा कधी, हे तिने सांगितलं नाही. वर म्हणाली, माझं एकटीचं नाय हे. महादूला विचार. त्याची बायको नि पोर दोघं गेली. तो मांडवातून उठला तर गाव उठेल, तो जेवला तर गाव जेवेल.

महादूला विचार, हे ऐकून कोंडू तसाच ओटीवरून उठला. कारण त्या सकाळचं एक त्याला ठाऊक होतं, जे महादू सोडला तर गावात कुणालाच नव्हतं. तेव्हा तो चौदाचा. होडीचा दोर त्याच्या हातात होता. होडी भरली होती, गोमाने हात आडवा करून सांगितलं होतं की आता कुणी नको. तेवढ्यात महादू बाईजाला घेऊन धावत आला. तिच्या कडेवरचं पोर तापाने फणफणलेलं, दवाखाना पलीकडे. महादूने गोमाचा हात बाजूला सारला आणि बायकोला उचलून आत बसवलं. गोमाने कोंडूला दोर सोडायची खूण केली.

गाव आजवर म्हणत आलं, गोमाने हावरेपणाने होडी भरली. माणसामागे शेरभर भात मिळायचा ना. महादूही तेच म्हणत आला, आणि कोंडूने कधी तोंड उघडलं नाही. बायको नि पोर गेलेल्या माणसाला काय सांगायचं, असं त्याच्या आईनेच बजावलं होतं. आई गेली, बजावणं राहिलं.

आता मात्र ते जिभेच्या टोकावर आलं. एक वाक्य, की महादूची मान खाली आणि गोमाची वर. दोन दिवस कोंडू त्या वाक्याला घेऊन शिवारभर हिंडला. मुकेशला निम्मंशिम्मं बोलून दाखवलं. मुकेश म्हणाला, दादा, सांगायचं तर सांग, पण मग नाव येईल ते महादूला खाली पाडून येईल. ते तुला चालेल का बघ. कोंडू म्हणाला, चालेल. घरी येईतो म्हणाला, नाय चालणार. घरात मनस्वीने त्याचं तोंड बघून विचारलं, "बाबा, लग्न माझं हाय का आजोबांचं?" त्यावर सगळे हसले, कोंडूही हसला आणि मेढीला हात लावून पुन्हा ढिली आहे का बघू लागला.

तिसऱ्या दिवशी तो महादूच्या शेतावर गेला. भाताच्या रोपांसाठी राब भाजायचे दिवस. ऐंशीच्या घरातला महादू वाकून शेणाच्या थरावर पालापाचोळा पसरत होता. कोंडूने दुसरी पाटी उचलली. वाफाभर दोघांनी पाला पसरला, वर माती भुरभुरली. महादूने वाऱ्याची दिशा बघून काडी लावली.

"आवतण द्यायला आलास का राब भाजायला?" महादूने विचारलं.

"आवतण."

"मग दे की."

कोंडूने खिशातल्या अक्षता त्याच्या तळहातावर ठेवल्या. धूर डोळ्यांत जात होता. वाक्य जिभेवरच होतं, तिथेच राहिलं. येतो तात्या, म्हणून तो निघाला आणि बांध ओलांडल्यावर स्वतःलाच मोठ्याने शिवी दिली.

हळदीचा दिवस आला. दुपारी मेढीला उंबर बांधला. उंबरमाळीची चार माणसं हळद घेऊन आली होती, त्यात तो मामाही होता. गाव मांडवात बसलं. महादू पुढे, खांबाला टेकून. मुकेश कडेला उभा. सकुबाईने पदर सावरला आणि आवतण सुरू केलं. आवाज बारीक झाला होता, पण अडखळत नव्हता. गावदेवी झाली, वाघोबा झाला, कोंडूचे आजा-आजी झाले, आई झाली. बाप गाळला. कोंडू पाण्याची कळशी उचलून दुसरीकडे ठेवत होता, पुन्हा पहिल्या जागी आणत होता.

मग होडीतली माणसं आली. बाईजा, मांडव पडला गो, ये. तिच्या कडेवरचं बाळ. कमळाकर. चंद्राबाई. मुकेशने हात जोडले. भिमीचं नाव सकुबाई नेहमी शेवटी घ्यायची, तेही घेतलं. बायकांनी झेललं. ती थांबली, आणि पुढच्या, हळदीच्या धवल्याला लागणार एवढ्यात कोंडूच्या हातातली कळशी खाली आपटली.

"काकी, यांना आणतं कोण?"

सकुबाईने मान वर केली. सगळे त्याच्याकडे बघू लागले. कोंडूने हे आधी ठरवलेलं नव्हतं. त्याला राग आला होता आणि रागात जे तोंडाला आलं ते तो बोलत होता.

"अडतीस वर्षं बोलावतेस ना? पाण्याच्या पल्याडून बोलावतेस. ही बायापोरं काय पोहत येतात? होडी कोण काढतं त्यांच्यासाठी? त्याचं नाव नको, पण आणतो तर तोच ना."

उंबरमाळीचा मामा हातातल्या हळदीच्या ताटाकडे बघत राहिला. रत्नप्रभाने नवऱ्याचा सदरा मागून ओढला. सकुबाईचे ओठ हलले, पण तिने सांगितलं होतं तसंच झालं, आवाज निघाला नाही.

महादू खांबाला धरून उठला. त्याला उठलेला बघून मागचे दोघेतिघे लगेच चपला शोधू लागले. कोंडूच्या जिभेवर ते वाक्य पुन्हा आलं, आता मांडवभर ऐकू जाईल असं. त्याने दात आवळले.

महादू बाहेर गेला नाही. दोन पावलं सकुबाईकडे सरकला.

"घे त्याचं नाव," तो म्हणाला. "नि त्याला सांग, दोन खेपा कर. बाईजाला मागच्या खेपेला आण म्हणावं. तवर मी काठाला उभा हाय. मी कुणाला ढकलत नाय आता."

मांडवातल्या पोरासोरांना यातलं काही कळलं नाही. मोठ्यांपैकी ज्यांना कळलं त्यांनी खाली बघितलं. महादू उभाच राहिला. सकुबाईने डोळे मिटले आणि घोगऱ्या, फाटक्या आवाजात गायला लागली. गोमा, मांडव पडला रे, होडी काढ. पोरी पुढं बसव, म्हातारी मधी बसव. दोन खेपा कर रे गोमा, घाई नाय, हळद थांबलीय. मागच्या बायकांतल्या एकीने झेललं, मग दोघींनी, मग सगळ्यांनी.

कमळाकरच्या घरची माणसं तेवढ्यात उठून गेली. ती जेवली नाहीत आणि आजही कोंडूच्या दारात येत नाहीत. बाकीचं गाव जेवलं. महादूने भातावर दुसऱ्यांदा आमटी मागून घेतली. कोंडूला वाटलं होतं की आतून काही मोकळं होईल. तसं झालं की नाही हे बघायला त्याला सवडच मिळाली नाही, भात कमी पडत होता. सांजेला मामा त्याच्याजवळ आला आणि म्हणाला, ती फिल्म मी पुसून टाकली मोबाइलमधून. कोंडू म्हणाला, राहू दे, बाटली तेवढी खोटी हाय म्हणून सांगत जा.

मनस्वी दुसऱ्या दिवशी उंबरमाळीला गेली. आवतण आता सकुबाईची सून म्हणते, आणि अकरा नावं म्हणते.

गोमा, बाईजा, तिचं बाळ, कमळाकर, चंद्राबाई, भिमी आणि आणखी पाच माणसं एकोणीसशे शहाऐंशीच्या श्रावणात धरणाच्या पाण्यात वारली. महादू दोन हजार चोवीसच्या भाद्रपदात, गौरी गेल्या त्याच्या दुसऱ्या दिवशी, घरी वारला. सकुबाई त्याच वर्षी दिवाळीच्या आधी वारली.