गारांचा खण

त्या गावात आकाशाचं काही चालायचं नाही, चालायचं ते मावशीच्या कपाटाचं. चांगलं पुरुषभर उंच, काळपट लाकडाचं, वरपासून खालपर्यंत नुसते खणच खण. रात्री त्याला कुलूप, किल्ली मावशीच्या उशाशी. सकाळी मावशीनं उन्हाचा खण ओढला की अख्ख्या गावाचे डोळे किलकिले व्हायचे. कपडे वाळत नाहीत म्हणून परीटीण तक्रार घेऊन आली, की वाऱ्याचा खण बोटभर. सगळ्यात खालचा खण गारांचा. त्याचा कुणाला काडीचा उपयोग नव्हता, पण कपाटाबरोबर आलाय तर टाकणार कुठे? म्हणून त्याला बाहेरून लाकडी खिटी. दुपारी आडवं होण्याआधी मावशी ती खिटी चाचपून बघायची आणि समाधानानं "हं" म्हणायची.

मावशीची भाची भिंगरी. नाव घरच्यांनी ठेवलेलं आणि तिनं ते सार्थ केलेलं. कपाट पुसायचं काम नुकतंच तिच्याकडे आलं होतं, त्यामुळे वर्गात तिचे पाय जमिनीला लागत नव्हते.

"पुसतेस ना नुसतं?" वर्गातली लंबू खोचकपणे म्हणाली. "फडकं मारायला काय, आमची मांजरसुद्धा शेपटीनं मारेल."

झालं! त्याच दुपारी मावशी आतल्या खोलीत घोरत असताना भिंगरीनं लंबूला मागच्या दारानं आत घेतलं, खिटी काढली आणि गारांचा खण ओढला. खण अडकला. तिनं पाय भिंतीला लावून हिसका दिला, तसा तो सुटलाच.

पुढचं सगळं छपरावर ऐकू आलं. आधी टक टक, मग ताशे वाजावेत तसं. लंबू केव्हा पसार झाली कळलंही नाही. भिंगरीनं कमरेनं ढकलून ढकलून खण बंद केला आणि तीही मागच्या दारानं पळाली. खिटी तशीच लोंबकळत राहिली.

कोपऱ्यावरच्या काचवाल्या काकांनी नव्या शाळेच्या खिडक्यांच्या काचा अंगणात मांडल्या होत्या. एकही शाबूत राहिली नाही.

भिंगरी घरी आली तेव्हा मावशी कपाटासमोर जमिनीवर बसली होती, हातात ती खिटी. "मी लावली होती गं," ती म्हणाली. मग खिटी उलटसुलट करून बघत, "लावली होती ना?"

तेव्हाच सांगायचं होतं. तोंड उघडलंसुद्धा होतं भिंगरीनं. बाहेर पडलं ते भलतंच. "मी तर शाळेतच होते."

गावानं फार आरडाओरडा केला नाही, हेच वाईट झालं. लोक भांडले असते तर मावशी भांडली असती, भांडणात ती कुणाला हार जायची नाही. पण जो तो मऊ आवाजात बोलायला लागला. आता वय झालं मावशींचं. आता आराम करू द्या त्यांना. कपाटाची किल्ली दोन दिवसांनी दुसऱ्या कुणाकडे द्यायची, असंही ठरून गेलं.

आणि मावशी? मावशीनं ते मानलं. ती स्वतःची परीक्षा घ्यायला लागली. भांडी घासता घासता भावंडांची नावं थोरल्यापासून धाकट्यापर्यंत म्हणायची, मग उलटी. दाराला कडी लावून झाली की परत येऊन बघायची.

"भिंगरे, मघाशी मी तुला चहा दिला का गं?"

"दिलास की."

"खरं सांग. माझी समजूत नको काढू."

कप भिंगरीच्या हातातच होता. तिचे कान असे तापले, की त्यावर दुसरा चहा झाला असता. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मावशी किल्ली फडक्यानं पुसत बसली, दुसऱ्याला द्यायची तर स्वच्छ द्यावी म्हणून. पुसून झाली. बाजूला ठेवली. आणि पुन्हा उचलून पुसायला लागली, मघाशी पुसली हे तिला पटेना.

"मावशे, पुसलीस तू ती," भिंगरी म्हणाली आणि तिला रडूच फुटलं. "आणि खिटीपण लावली होतीस. मी काढली. लंबूला दाखवायला."

मावशी आधी हसली! अगदी पोटातून, सुटल्यासारखी. "म्हणजे मी विसरले नव्हते!" तिनं भिंगरीचे दोन्ही गाल धरले. "अगं बाई, मी विसरले नव्हते!"

ते हसू भिंगरीला थपडेपेक्षा जोरात लागलं. मग गालावरचे हात हळूच सैल झाले.

"मी उलटी नावं म्हणत होते, तेव्हा तू इथेच बसली होतीस ना?"

भिंगरीनं होकाराची मान हलवली.

"ऐकत होतीस."

मावशी उठली. "चपला घाल. काकांना तू सांगायचंस. मी येते, पण एक शब्द बोलणार नाही."

रस्ताभर ती पुढे चालली, भिंगरी मागे. एरवी दोघी हातात हात घालून रस्ता अडवत जायच्या. काकांनी दार उघडलं. अंगणात काचांचे ढीग लावलेले. मावशीला बघून त्यांनी चेहरा गोड केला आणि बहिऱ्याशी बोलावं तसं मोठ्यानं, सुटं सुटं म्हणाले, "मावशी! घर. तुमचं. तिकडे. आहे. वाट चुकलात का?"

मावशीनं मान खाली घातली. गावभर ऊन वाटणारी मावशी पायरीखाली चुकल्या मुलासारखी उभी होती, आणि हे सगळं भिंगरीच्या हातचं होतं.

"काका, असं बोलू नका तिच्याशी." आवाज फाटला, तरी ती थांबली नाही. "तिला सगळं आठवतं. गारा मी सोडल्या. आणि गप्पही मीच बसले, ते जास्त वाईट होतं."

काकांच्या चेहऱ्यावरचा गोडवा ओसरत गेला. आता ते भिंगरीकडे बघत होते आणि ती नजर सोसवत नव्हती. तिनं पळायला पाय उचलला नाही, एवढंच.

"मावशी," काका म्हणाले, या वेळी नेहमीच्या खरखरीत आवाजात, "उद्या नव्या काचा ओतणार आहे. गारठ्यात तडकतात त्या, मला कडक ऊन लागेल."

"किती वाजता, ते सांग," मावशीनं फटकन विचारलं. "मला काय, अंतर्ज्ञान आहे?"