मुठीत बसणारा पाइप

दोन दगडांवर आडव्या टाकलेल्या गोल पाइपवर निवृत्ती मधोमध उभा राहिला, तशी शेजारच्या टपरीवरून अर्जुनराव बघायला आले. पाइप चांगलाच लवला. मग त्याने तेवढ्याच रुंदीची चौकोनी नळी ठेवली. ती जेमतेम दबली.

दुसरबीडच्या रस्त्याकडेच्या या वेल्डिंगच्या दुकानात निवृत्तीने उभा जन्म लोकांची फाटकं आणि शेड जोडण्यात घालवला होता. आजचं काम घरचं होतं. त्याच्या बायकोच्या, शालूबाईच्या अंगावरून वारं गेलं होतं. डावी बाजू लुळी पडली होती. डॉक्टरांनी धरून धरून चालवायला सांगितलं होतं, म्हणून खाटेपासून दारापर्यंत भिंतीला दांडा बसवायचा होता. ती एकदा न्हाणीत पडली होती. तो आवाज निवृत्तीच्या कानातून जात नव्हता.

त्याने चौकोनी नळीचा तुकडा घरी नेला आणि तिच्या उजव्या हातात दिला. बोटं अर्ध्यावरच अडली. कड तळव्यात रुतली.

"लय मजबूत हाय," तो म्हणाला. "मी सोता उभा राह्यलो याच्यावर."

शालूबाईची जीभ जड झाली होती. तिने सावकाश शब्द जुळवले. "तुमाले नाही, मले धरायचा हाय. माह्या मुठीत बसन असा द्या."

निवृत्तीने तिच्या बोटांतून नळी सोडवून घेतली. भरलेला हंडा एका हाताने उचलणारी बाई ती.

शेवटी त्याने दुकानातला सगळ्यात बारीक गोल पाइप काढला. तो लवणार हे माहीत होतं, म्हणून हात-हात अंतरावर भिंतीत टेकू ठोकले. तिची बोटं अडखळू नयेत म्हणून सांधे घासून गुळगुळीत केले आणि वर हिरवा रंग दिला.

शालूबाई रोज चालायची. दारापर्यंत पोचले की वट्ट्यावर बसून रस्ता बघीन, म्हणायची. निवृत्ती दारात उभा राहून तिला बोलवायचा. थंडीत पुन्हा झटका आला, आणि त्यातून ती उठली नाही.

पुढच्या दिवाळीला मुलगा गणेश पुण्याहून आला. घर रंगवताना दांड्यालाही हात मारू का, असं त्याने विचारलं. निवृत्तीने मान हलवून नको म्हटलं.

खाटेपासून मधल्या खिडकीपर्यंत दांड्याचा हिरवा रंग उडून लोखंड चकचकीत झालं होतं. खिडकीच्या पुढे, दारापर्यंत, रंग तसाच कोरा होता.