अकराव्या मिनिटाची घंटी

मी एक जुनी पितळी घंटी आहे. टेबलावर ठेवायची, वरची कळ तळहाताने दाबली की एकदाच 'टण्ण' करणारी. मित्रांनो, आज माझ्याकडे बघून तुम्हाला हसू येईल. माझा एक पाय वाकडा आहे, कडेला पोचा आला आहे आणि मला लिंबाने घासल्याला पाच वर्षे झाली. पण एके काळी माझ्या एका आवाजाने भल्याभल्यांची पाचावर धारण बसत असे. त्याची फुशारकी मारत होते, तोवर मी सुखात होते.

मला घडवणारा कारागीर तापट होता, पण कानाचा पक्का. माझ्या चार बहिणींचा आवाज फाटका निघाला, म्हणून त्याने त्यांना पुन्हा मुशीत टाकले आणि मला तेवढे ठेवले. दुसरे नापास झाले की आपण पास होतो, यातली गंमत मला तेव्हाच कळली.

मला विकत घेतले एका सिनेमा दिग्दर्शकाने. सगळे त्यांना मास्तर म्हणत. शॉट घ्यायच्या आधी मास्तर मला एकदा वाजवायचे. सुताराचा हातोडा वरच्या वर थांबायचा, चहावाला किटली धरून खांबासारखा उभा राहायचा आणि मग त्या शांततेत कॅमेरा सुरू व्हायचा. "ही वाजली की काम सुरू," मास्तर नव्या माणसांना सांगायचे. ते दिवस चांगले होते. चांगल्या दिवसांत ते कळत नाही, तेवढेच.

मास्तरांच्या हाताखाली एक चौथा मदतनीस होता. तेवीस वर्षांचा, अंगाने इतका बारीक की मास्तरांनी त्याचे नाव 'सुतळी' ठेवले आणि सेटभर तेच झाले. सुतळीच्या डोळ्यांत मात्र काही वेगळेच होते. फितीचा हातभर तुकडा उजेडासमोर धरला की हे कितवे रीळ आणि कोणता प्रसंग, हे तो घडाघडा सांगायचा. एकदाही चुकला नाही. "हा मुलगा आपल्या सगळ्यांना विकून खाईल," मास्तर कौतुकाने म्हणायचे. कौतुकातले बोलणे खरे ठरते, तेव्हा फार महागात पडते.

सुतळीने नोकरी सोडून स्वतःची कंपनी काढली, तेव्हा मास्तरांनी मला कागदात गुंडाळून त्याच्या हातात दिले. म्हणाले, "नवी वस्तू नाही बाबा, पण हिच्या आवाजानं माझी सगळी कामं सुरू झाली. तुझीही होऊ देत."

झाली की! पहिला सिनेमा चालला, तिसरा धावला. मग चित्रपटगृहांची साखळी आली, मग बातम्यांची वाहिनी, मग आणखी पाच वाहिन्या. भाड्याच्या दोन खोल्यांची अकरा मजली इमारत झाली. सुतळीचे साहेब झाले, आणि साहेबांशी आता सगळे वाकून बोलू लागले. कोणता सिनेमा लोकांपुढे जाईल आणि कोणता नाही, हे एकटे साहेब ठरवायचे.

त्यासाठी तळघरात तीस खुर्च्यांचे छोटे थिएटर होते. मधल्या खुर्चीत साहेब, त्यांच्या उजव्या हाताशी मी. नियम साधा होता. सिनेमा बनवणाऱ्याने आत यायचे नाही, बाहेरच्या बाकावर बसायचे. आत सिनेमा सुरू. शेवटपर्यंत मी वाजले नाही, तर सिनेमा घेतला. मध्येच वाजले, तर तिथेच खेळ खलास. पुढचे कुणी बघायचे नाही, आणि का ते कुणी विचारायचे नाही. कारण सांगितले की माणूस वाद घालतो, असे साहेबांचे म्हणणे होते.

मी कितींच्या नरड्याला नख लावले, याचा हिशोब मी ठेवला नाही. एक जाडजूड दिग्दर्शक बाकावरून मटकन खाली बसला होता. एक बाई माझा आवाज ऐकून हसतच सुटल्या आणि हसत हसत लिफ्टपर्यंत गेल्या. मला मजा वाटायची. काम सुरू करणारी एक घंटी, आता कामे बंद पाडते म्हणून तिचा केवढा दरारा! दर सोमवारी सकाळी ऑपरेटर काका मला लिंबाने घासायचे, कळीत तेलाचा थेंब सोडायचे. ऑपरेटर काका म्हणजे मागच्या केबिनमधून सिनेमा दाखवणारा माणूस. घासताना ते माझ्याशी मनातले बोलायचे. मी त्यांना उत्तर देणार नव्हते, म्हणून असेल.

मग एका सोमवारी मास्तर आले. बारा वर्षे त्यांना कुणी काम दिले नव्हते. घरातली खुर्चीसुद्धा विकून त्यांनी एक सिनेमा केला होता, एका नावाड्याच्या आयुष्याचा. साहेबांनी तो घेतला तरच तो लोकांना दिसणार होता, नाहीतर कधीच नाही.

बाहेर साहेबांभोवती वितरक उभे होते, वाहिन्यांचे प्रमुख उभे होते, त्यांची बारा वर्षांची लेकही होती. मास्तरांनी छत्री बाकाला टेकवली आणि सगळ्यांदेखत साहेबांच्या पोटावर टपली मारली.

"काय रे सुतळी, अंग भरलं की तुझं!"

सगळे हसले. दारावरचा शिपाईही तोंड फिरवून हसला. साहेबही हसले.

पहिले रीळ दहा मिनिटांचे होते. तरुण नावाडी, नवी होडी, नदी ओलांडताना सापडलेली नवरी. थिएटरात कुणी खोकलेसुद्धा नाही. मग रीळ बदलले, आणि पडद्यावर तोच नावाडी एकदम पांढऱ्या केसांचा, बायकोच्या उशाशी बसून रडतोय. डबे आणताना त्यांच्यावरच्या चिठ्ठ्या सुटल्या होत्या. काकांनी घाईत त्या अंदाजाने चिकटवल्या आणि दुसऱ्याच्या जागी नववे रीळ लावले.

"हे काय? म्हातारा चळला वाटतं," एक वितरक कुजबुजला.

साहेबांचा तळहात माझ्यावर होता. त्यांनी मान वळवून केबिनच्या काचेकडे पाहिले. काचेआड काका तोंडावर हात ठेवून उभे होते. मला वाटले, आता साहेब ओरडतील, "काका, रीळ चुकलं!" पण साहेबांच्या ओठाची एक कड हलली आणि हात खाली आला.

टण्ण.

बाहेर मास्तर पटकन उठून उभे राहिले. जुनी सवय. आपली घंटी वाजली म्हणजे काम सुरू, असेच क्षणभर त्यांना वाटले असणार. मग त्यांना कळले.

"कितव्या मिनिटाला?" त्यांनी विचारले.

"अकराव्या," केबिनमधून धावत आलेले काका म्हणाले. पुढचे ते बोलले नाहीत. ऑपरेटरने बोलायचे नसते, आणि बोलला तर उद्यापासून यायचे नसते.

"माझं चुकलं काय पण?"

"मास्तर," साहेब म्हणाले, "कारण सांगायची इथं पद्धत नाही."

मास्तर छत्री विसरून गेले. वर्षभराने त्या सिनेमाचे डबे भंगारात निघाले. फीत धुऊन तिच्यातली चांदी काढतात, हे मला तेव्हा कळले.

काका मात्र दर रविवारी मास्तरांकडे जाऊ लागले. कधी पंखा दुरुस्त करून दे, कधी औषध आणून दे. सोमवारी मला घासताना सांगायचे. "आज पुन्हा वही काढून बसले होते गं. अकरावं मिनिट नव्यानं लिहितायत. मला विचारतात, आता बरं झालंय का?" मास्तरांच्या अशा सात वह्या भरल्या. दुसऱ्या रिळाची सुरुवात त्यांनी शेकडो वेळा बदलली, जी कुणी पाहिलीच नव्हती. काका दर वेळी ठरवून जायचे की आज सांगायचे, आणि तोंड शिवून परत यायचे. आठवी वही अर्धी असताना मास्तर गेले.

त्या सोमवारनंतर बावीस वर्षांनी काका निवृत्त झाले. थिएटरात साहेब होते आणि शेजारी आता मोठी झालेली लेक. काकांनी साहेबांचे पाय धरले.

"साहेब, मास्तरांचा सिनेमा मी मारला. दुसऱ्याच्या जागी नववं रीळ लावलं होतं मी."

"माहीत आहे," साहेब म्हणाले.

काकांना कळेना. "कधीपासून?"

"त्या रिळाच्या पहिल्या दृश्यापासून. मी सुतळी होतो काका, मला रीळ कळत नाही होय?"

"मग वाजवलीत का?"

साहेबांनी पडद्याकडे पाहिले. पडदा कोरा होता. "लेकीसमोर त्यांनी मला सुतळी म्हणायला नको होतं," ते म्हणाले.

काका उठले आणि गेले. बावीस वर्षे उराशी धरलेला गुन्हा आपला नव्हताच, हे कळूनही माणूस हलका होत नाही, हे मी त्यांच्या पाठीवरून ओळखले.

लेक सगळे ऐकत होती. दोन वर्षांनी साहेबांची प्रकृती ढासळली आणि मधली खुर्ची तिची झाली. साहेबांना स्वस्थ बसवेना. आयुष्यात पहिल्यांदाच त्यांनी स्वतः एक सिनेमा दिग्दर्शित केला, आपल्याच आयुष्याचा. काठी टेकत ते दाखवायला आले आणि नियमाप्रमाणे बाकावर बसले. लेकीने मला चौथ्या मिनिटाला दाबले.

"अगं, चुकलं काय माझं?" त्यांनी दारातून विचारले.

"बाबा, कारण सांगायची इथं पद्धत नाही," ती म्हणाली. तिचा आवाजही चढला नाही. मग तिने मला एका खोक्यात घालून त्यांच्यासोबत घरी पाठवले. तिला मी जुनाट वाटत होते.

आता मी साहेबांच्या उशाजवळच्या स्टुलावर असते. ते दुपारी मला दाबतात. नर्स येते. "चौथ्या मिनिटाला काय होतं गं?" ते विचारतात. "गोळी घ्या आजोबा," ती म्हणते. ते गोळी घेतात आणि तासाभराने मला पुन्हा दाबतात.

मित्रांनो, माझ्यासारख्या वस्तूने शेवटी सांगायचे असते की आमची निगा राखा. मी ते सांगणार नाही. कुणाला थांबवलेत तर का थांबवले ते त्याला सांगा, एवढेच माझे मागणे आहे. बाकी माझी निगा तर फार चांगली राखली गेली होती. मास्तर आले त्या वर्षी आठवडा संपता संपता धुळीने माझी कळ दोनदा अडकली होती, दाबूनही आवाज निघाला नव्हता. त्या दिवशीही ती अडकू शकली असती. पण तो सोमवार होता. काकांनी सकाळीच मला लिंबाने लख्ख घासून कळीत तेल सोडले होते.