मेलेल्याचं काम

नायगावच्या आमच्या चाळीत नूपुर नावाची मुलगी छोटी फिल्म करायला आली. नवरा मेला आहे, बायको शेजारी बसली आहे, एवढीच गोष्ट. मेलेल्याचं काम मला दिलं, बायकोचं कौसल्यावहिनींना.

वहिनींचा नवरा सीताराम माझा मित्र. तो जाऊन अकरा वर्षं झाली. मी लग्नच केलं नाही. वहिनी समोरच्या खोलीत राहतात म्हणून केलं नाही, हे मी कुणाला बोललो नाही. त्यांनाही नाही. आता चाळ पाडणार, म्हणून रविवारी त्यांचा मुलगा राकेश त्यांना बदलापूरला नेणार होता. त्याआधी विचारायचं ठरवलं होतं : जाऊ नका, माझ्याबरोबर राहाल का?

मला चटईवर आडवं करून नाकात कापूस घातला. गॅलरीतून शेजारची सुचित्रा ओरडली, "ओ दत्ताराम, मढ्याचं पोट हलतंय!"

"चहा मागत असेल," वहिनी म्हणाल्या. बायका हसल्या.

नूपुरने सगळ्यांना गप्प केलं. "काकू, आवाज घेत नाहीये, मनात येईल ते बोला. काका, काहीही झालं तरी हलू नका."

वहिनींनी माझ्या छातीवर हात ठेवला. चाळीस वर्षांत पहिल्यांदा. मग वाकून, मलाच ऐकू येईल इतक्या हळू म्हणाल्या, "अहो, उठा ना. रविवारी मी जाते आहे."

मला त्या कायम भावोजी म्हणत. अहो फक्त सीतारामला.

डोळे उघडायचे होते. शॉट बिघडेल, असं मी मनाला सांगितलं. खरं म्हणजे घाबरलो. दारात माणसं उभी होती. थोड्या वेळाने वहिनींनी हात उचलला.

"मस्त, काका! एकदम डेड बॉडी."

"परत घे," मी नूपुरला म्हणालो. "माझा श्वास दिसला असेल."

या वेळी डोळे उघडायचेच, असं ठरवून पडलो. वहिनी बसल्या. ताप बघतात तसा हात ठेवला. मी वाट पाहिली. त्या काही बोलल्या नाहीत.

"हाच ठेवू," नूपुर म्हणाली. "काकू, हा जास्त खरा वाटला."

रविवारी सकाळी टेम्पो आला. कपाट जड होतं. एका बाजूने राकेशने धरलं, दुसऱ्या बाजूने मी. वहिनी मागून जिना उतरत होत्या.

"भावोजी, कोपरा जपा, भिंतीला घासेल."

मी जपला.