साडेचार फुटांची नळी

माझे बाबा, दिगंबर, बावीस वर्षं सैन्यात हवालदार होते. त्यामुळे तोक्योच्या एदोगावा भागातल्या माझ्या दोन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये बंदूक ठेवता येत नाही, हे त्यांना काही केल्या पटेना.

"परवाना काढा की."

"बाबा, हे जपान आहे. इथे सायकलला दिवा नसला तरी पोलीस थांबवतात."

बंदुकीचा विषय निघाला माझ्या मैत्रिणीमुळे, सरितामुळे. रविवारी ती मोडलेलं डावं मनगट घेऊन माझ्याकडे आली. नवऱ्याने, प्रतापने, दारात दाबून मोडलं होतं. प्रताप माझ्या नवऱ्याच्याच ऑफिसात, तोयोसुला. तिथे सगळे त्याला प्रताप-सान, प्रताप-सान करत आणि हाही कमरेत वाकून सगळ्यांना नमस्कार करी. मला त्या वाकण्याची चीड यायची. सरिताला त्याने फोनवर सांगितलं होतं, "जिथे असशील तिथे येऊन मारीन." तिचा व्हिसा त्याच्या नोकरीवर, म्हणून पोलिसांत जायला ती तयार नव्हती. दार वाजलं की बाथरूममध्ये जाऊन कडी लावायची.

बाबा मात्र खुशीत आले. दोन महिन्यांत पहिल्यांदाच त्यांना इथे काम मिळालं होतं.

"मैदानात लांब नळीची रायफल," ते आम्हाला शिकवू लागले. "घरात शिरायचं तर आखूड. नळी लांब असली की कोपऱ्यावर माणसाच्या आधी ती पोचते, आणि समोरचा धरतो."

रायफल नव्हती, पण बाल्कनीत कपडे वाळत घालायची स्टीलची दांडी होती. साडेसहा फूट, आतून पोकळ. बाबांनी तिचंही नामकरण नळी असंच केलं. बूट काढायच्या जागेपासून स्वयंपाकघरापर्यंतच्या बोळात त्यांनी ती फिरवून पाहिली आणि पहिल्याच फटक्यात माझा दिवा फोडला.

मग करवत आली, टेप आली. प्रतापचा हात अधिक सुरी, असा हिशेब करून त्यांनी खूण केली. साडेचार फूट.

"काका, अजून कमी करा," सरिता म्हणाली.

"गुडघे गेलेत गं माझे. त्याला अंगाशी येऊ देऊन चालणार नाही."

मी म्हटलं, बाबांना कळतं त्यातलं. दोन फुटांचा तुकडा उरला. न जळणाऱ्या कचऱ्याची गाडी पंधरा दिवसांनी, म्हणून तो बाल्कनीतच टाकला.

गुरुवारी सकाळी नवरा ऑफिसला गेल्यावर मी जळणाऱ्या कचऱ्याच्या पिशव्या घेऊन खाली उतरले. दार नुसतं लोटून. दोन मिनिटांचं तर काम! कचऱ्याच्या जाळीपाशी प्रताप उभा होता, इस्त्रीचा शर्ट, टाय.

"वहिनी, दोनच मिनिटं," असं म्हणून तो वाकला आणि जिन्याकडे पळाला. मी ओरडत त्याच्यामागे.

वर पोचले तर तो दाराच्या आत वाकून बुटांच्या नाड्या सोडत होता. समोर बोळात बाबा, दोन्ही हातांत नळी. प्रतापची उघडी मान त्यांच्यापासून तीन फुटांवर होती.

"बाबा, मारा!"

बाबांनी मारलं नाही. उलट नळीचं टोक खाली केलं. प्रतापने बूट जोडीने लावले, टाचा आत, चवडे दाराकडे, इथे लावतात तसे. मग उभा राहिला, टोक धरलं आणि एकच हिसका दिला.

बाबा गुडघ्यांवर पडले. पहिला घाव त्यांच्या खांद्यावर बसला. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला. दुसरा कानावर. मी त्याच्या पाठीला लटकले, तर त्याने मला भिंतीवर आपटलं. पुढचा दात तुटून जिभेवर आला. "कुठे आहे ती?" तो ओरडत होता. बाबांच्या डोक्यात घालायला त्याने नळी उंच उगारली, आणि ती छताला अडली.

तेवढ्यात बाथरूमची कडी निघाली. सरिताच्या उजव्या हातात तो उरलेला तुकडा होता. कधी आत नेऊन ठेवला होता, देव जाणे. ती थेट त्याच्या उगारलेल्या हाताखाली शिरली. पहिला कोपरावर. दुसरा तोंडावर, कापलेल्या कडेने गाल फाटला. तो वाकला तसा मानेवर, पुन्हा मानेवर. मला वाटलं, तिला आवरायला हवं. खरं सांगते, मी जरा उशिराच आवरलं.

प्रताप बोळात आडवा, कण्हत होता. रक्त ओघळत त्याच्या नीट लावलेल्या बुटांत गेलं होतं. मी अँब्युलन्सला फोन केला, पत्ता दोनदा चुकीचा सांगितला.

बाबा भिंतीला टेकून बसले होते. त्यांना मी कधी रडताना पाहिलं नव्हतं.

"बूट काढले ना त्याने," ते म्हणाले. "मला वाटलं, बोलायला आलाय."

सरिताने तुकडा अजून सोडला नव्हता. ती त्यांच्याशेजारी बसली आणि डाव्या हाताच्या बोटांत पदर धरून त्यांचा कान पुसू लागली.

"बूट काढल्याशिवाय त्याने मला कधीच मारलं नाही, काका."