रखमाबाईंचा जोडीचा फोटो

मित्रांनो, मी एक जुना संगणक आहे. आता माझा पडदा लुकलुकतो, सुरू व्हायलाही मी वेळ घेतो. पण एके काळी भाईंदरच्या इंद्रलोक वस्तीत माझा थाट होता! दोन हजार तीन साली हेमांगीताईंनी मला आपल्या फोटो स्टुडिओत आणलं, हार घातला, हळदकुंकू वाहिलं.

एका फोटोवर दुसरा फोटो बसवणं, हे माझं खास काम. पारदर्शक कागदावर कागद ठेवावा तसे मी चित्रांचे थर रचायचो. ताई त्यांना 'लेअर' म्हणायच्या. कित्येक नवरानवरींना मी भाईंदर न सोडता काश्मीरला नेऊन आणलं!

एकदा राई गावातून रखमाबाई आल्या. सोबत त्यांची नात सुगंधा होती. रखमाबाईंचे यजमान काशीनाथ मिठागरात कामाला होते. ऐन तारुण्यात वारले. मिठागरातल्या कामगारांच्या एका जुन्या फोटोत तेवढे ते दिसत होते.

"आमचा दोगांचा एकबी फोटू न्हाय, बाय," रखमाबाई म्हणाल्या. "सुगंधाचं लगीन हाय. मांडवात दोगं दिसलो पायजे."

ताईंनी रखमाबाईंचा फोटो काढला. जुन्या फोटोतून काशीनाथांना अलगद कापून त्यांच्या शेजारी बसवलं. त्यांच्या अंगात कोट चढवला, रापलेला चेहरा गोरा केला, मागे बर्फाचा डोंगर उभा केला. मी तर स्वतःवरच खूश झालो.

रखमाबाई मात्र बघतच राहिल्या. "ह्यो माजा मानूस न्हाय," त्या हळूच म्हणाल्या.

"आजी, किती छान दिसतायत!" सुगंधा म्हणाली.

"छान हाय गं. पन मी न्हाय वळखत त्याला."

ताई पुन्हा माझ्याकडे वळल्या. मग त्यांनी कोटाचा थर काढला. गोऱ्या रंगाचा काढला. डोंगरही गेला. सारे थर मी वेगवेगळे सांभाळले होते, म्हणून खालचे काशीनाथ जसेच्या तसे मिळाले: अंगात बंडी, हातांवर मिठाचा पांढुरका थर, उन्हाने बारीक झालेले डोळे. मागे मिठाच्या राशी.

"आजी, हे तिशीतले आणि तुम्ही सत्तरीच्या. तुम्हालाही तरुण करू का?" ताईंनी विचारलं.

रखमाबाई हसल्या. "नको बाय. त्याच्यामागं येवढी वर्सं काडली मी. ती कशाला पुसतेस?"

ताईंनी दोघांवर एकाच बाजूचं ऊन पाडलं, खांद्याला खांदा लावला. जोडी पडद्यावर आली, तशी रखमाबाईंनी चटकन डोक्यावरचा पदर सारखा केला. जणू काशीनाथच समोर आले होते!

पुढे सुगंधाच्या लग्नाचे फोटो माझ्याकडेच आले. मांडवात नवरानवरी त्या जोडीच्या फोटोपुढे वाकले होते. मित्रांनो, त्या दिवशीचा अभिमान अजून माझ्या अंगात आहे.

मग पातळ, चपळ संगणक आले. मी माळ्यावर गेलो. माझ्यावर धूळ बसते; चालायचंच. माझं मागणं एवढंच, की तुमच्या घरातले जुने फोटो जपा. त्यांच्यावर हवे तितके रंग चढवा, पण खालचं मूळ चित्र कधी पुसून टाकू नका. उद्या कुणी आपला माणूस शोधत आलं, तर तो त्याला ओळखता आला पाहिजे.