मध्यंतर नसलेलं नाटक

पहिली घंटा.

ऑकलंडमध्ये अवोन्डेलच्या हॉलमधला प्रयोग शनिवारी होता, आणि ओदिल व्हासेर या फ्रेंच नाटककार बाईंची परवानगी अजून आली नव्हती. त्यांच्या जुन्या नाटकाचं मराठी रूपांतर दीप्तीने केलं होतं. रंगीत तालमीचं रेकॉर्डिंग बघून बाईंनी पॅरिसहून व्हिडिओ कॉल लावला.

दुसरी घंटा.

"माझ्या नाटकात मध्यंतर नाही," बाई इंग्रजीत म्हणाल्या. "तुम्ही कुठून आणलंत?"

दीप्तीचा नवरा प्रसाद मागून मराठीत पुटपुटला, "सांग, बटाटेवड्यांची ऑर्डर गेलीय."

दीप्तीने खरं ते सांगितलं. मराठी नाटकाला मध्यंतर असतंच, म्हणून नायिका दाराच्या कडीला हात लावते तिथेच तिने पडदा पाडला होता.

"मग तेवढ्या वेळात लोक काय करतात?"

"वडे खातात. आणि ती दार उघडेल की नाही, यावर भांडतात."

चार नाटकांनंतर रंगभूमी सोडून बाईंनी पुढे फक्त सिनेमे लिहिले होते. का, ते दीप्तीला कुठेच वाचायला मिळालं नव्हतं. तिने आता विचारलंच.

"नाटक संपलं की लोक आपापले कोट शोधायला लागायचे," बाई म्हणाल्या. "त्या दाराबद्दल मला कधीच कोणी विचारलं नाही."

तिसरी घंटा.

परवानगी मिळाली. अट एकच होती: मध्यंतरात कोण काय म्हणालं, ते बाईंना कळवायचं. शनिवारी पडदा पडला तेव्हा दीप्ती विंगेत थांबली नाही. ती फोन घेऊन वड्यांच्या रांगेत जाऊन उभी राहिली.